उसन्या चालीचा मान : शक्ती-तुऱ्याच्या गाण्यांविषयी

मुरुडपासून दक्षिणेकडे श्रीवर्धन, म्हसळा, माणगाव, महाड करत रत्नागिरी जिल्ह्यापर्यंत गौरी-गणपतीच्या दिवसांत जाखडी रंगते. तिच्याकडे आजवर मुख्यतः नाच म्हणूनच पाहिले गेले. मधोमध बसलेला शाहीर, शेजारी ढोलकी आणि झांज, ओळ उचलून धरणारे झीलकरी आणि त्यांच्याभोवती पायांत घुंगरांचा चाळ बांधून फेर धरणारे गडी, हे चित्र डोळ्यांत भरते आणि छायाचित्रातही छान येते. मुंबईने याला ‘बाल्या डान्स’ म्हटले आणि तेवढ्यावरच सोडून दिले. मात्र फेराच्या मध्यभागी जे चाललेले असते तो शब्दांचा सामना असतो. एका बाजूला शक्तीवाले, म्हणजे कलगी पक्षाचे. दुसऱ्या बाजूला तुरेवाले. शक्ती श्रेष्ठ की शिव, माया आधी की ब्रह्म, हा त्यांचा जुना वाद. त्या वादाच्या आधाराने पुराणातला अवघड प्रश्न टाकायचा, समोरच्याने तो गाण्यातच सोडवायचा, आणि सोडवता सोडवता उलटा प्रश्न ठेवायचा, असा रात्रभराचा क्रम असतो. एवढ्या मोठ्या प्रदेशात, इतकी वर्षे, मुख्यतः कुणबी शेतकरी आणि चाकरमानी यांनी जिवंत ठेवलेली ही काव्यपरंपरा मराठी साहित्याच्या इतिहासात मात्र तळटीपेपुरतीच येते. त्यामागचे एक कारण नेहमी सांगितले जाते: या गाण्यांच्या चाली स्वतःच्या नसतात. कधी जुन्या लावणीची चाल, कधी भजनाची, आणि आता तर सर्रास चित्रपटगीताची. ज्या गाण्याची चालच उसनी, त्याला स्वतंत्र कला कशी म्हणायची, असा हा आक्षेप. या प्रस्तावनेत मला त्याच आक्षेपाची तपासणी करायची आहे. माझे म्हणणे असे की सामन्याच्या काव्यात उसनी चाल ही उणीव नसून त्या काव्याची अटच आहे. याचा सर्वांत भक्कम पुरावा कोकणाबाहेर, बाराव्या शतकातल्या दक्षिण फ्रान्समध्ये सापडतो.

आधी कलगी-तुऱ्याविषयी थोडेसे. हा पंथभेद एकट्या कोकणाचा नाही, एकट्या महाराष्ट्राचाही नाही. राजस्थानात आणि माळव्यात ‘तुर्रा-कलंगी’ ख्याल याच दोन पक्षांत गायले जातात. तिकडे अशी कथा सांगतात की तुकनगीर हा गोसावी आणि शाह अली हा फकीर यांचा सामना चंदेरीच्या राजापुढे झाला. राजाने खूश होऊन आपल्या मुकुटातला तुरा एकाला आणि कलगी दुसऱ्याला दिली. तुरा शिवाकडे गेला, कलगी शक्तीकडे. ही कथा इतिहास म्हणून धरता येणार नाही. तरी तिच्यातून या परंपरेने स्वतःकडे कसे पाहिले ते कळते: दोघांचा मान झाला, पराभूत कोणीच ठरला नाही, आणि वाद पुढे चालू ठेवण्याची परवानगी मिळाली. महाराष्ट्रात या वादाने भेदिक लावणीचे रूप घेतले. उत्तर पेशवाईत राम जोशी, अनंत फंदी, होनाजी, सगनभाऊ, परशराम, प्रभाकर यांनी लावणी आणि पोवाडा कळसाला नेले, त्याच काळात आणि त्यानंतरही गावोगावच्या फडांत कलगी-तुऱ्याचे झगडे रंगत होते. तमाशातल्या सवाल-जवाबाची मुळे तिथेच आहेत. घाटावर ही धारा तमाशात मिसळली. कोकणात ती जाखडीच्या फेराशी जोडली गेली, आणि म्हणूनच तिथे ती आजही स्वतंत्रपणे ओळखता येते.

आता दुसरीकडे वळू. साधारण 1100 ते 1300 या दोन शतकांत, आजच्या फ्रान्सच्या दक्षिण भागात, ऑक्सितान भाषेत कविता रचून तिला चाल लावणाऱ्या कवींना त्रूबादूर म्हणत. ज्यांची रचना हाती आहे असा पहिला कवी म्हणजे आक्वितानचा ड्यूक गिलेम नववा. तो 1071 मध्ये जन्मला. ज्याला या परंपरेतला शेवटचा म्हणण्याची प्रथा आहे तो गिराउत रिकिएर तेराव्या शतकाच्या अखेरीस गेला. सुमारे साडेचारशे कवींची नावे आणि अडीच हजारांच्या आसपास रचना आज उपलब्ध आहेत. दान्तेने या कवींना गुरुस्थानी मानले. त्याच्या महाकाव्यात आर्नाउत दानिएल हा त्रूबादूर इटालियन सोडून स्वतःच्या ऑक्सितानमध्ये बोलतो. युरोपातल्या देशी भाषांतली प्रेमकविता यांच्यापासून सुरू होते असे मानतात, आणि ते बव्हंशी खरे आहे. मुरुडच्या वाचकाला हे सगळे फार दूरचे वाटायला नको. ऑक्सितान ज्या रोमान्स भाषाकुलातली, त्याच कुलातली एक भाषा मुरुड तालुक्यातच बोलली जाते. कुंडलिकेच्या मुखावरच्या कोर्लई गावातले ख्रिस्ती लोक घरात जी भाषा बोलतात ती पोर्तुगिजातून घडलेली आहे. 1740 मध्ये पोर्तुगीज चौल सोडून गेले. भाषा मात्र राहिली, गाण्यांसह राहिली. कोर्लईच्या गाण्यांचा त्रूबादूरांशी थेट संबंध आहे असे मी म्हणत नाही. तसा पुरावा नाही. पण पोर्तुगालमध्येही त्रूबादूरांच्या वळणाची एक समृद्ध काव्यपरंपरा होती, तिथला राजा दिनिस स्वतः कवी होता, आणि त्या राज्याची भाषा बोलणारे लोक पुढे या किनाऱ्यावर येऊन राहिले, एवढे लक्षात ठेवण्यासारखे आहे.

त्रूबादूर म्हटले की हळवा प्रेमिक, खिडकीतली सुंदरी आणि हातातले तंतुवाद्य असे चित्र उभे राहते. ते एकोणिसाव्या शतकाने रंगवलेले आहे. प्रत्यक्षात त्यांच्याकडे अनेक प्रकार होते. ‘कांसो’ म्हणजे प्रेमगीत, हा सर्वांत मानाचा. ‘सिरव्हेंतेस’ म्हणजे राजकारणावर, माणसांवर, काळावर आसूड ओढणारी रचना. आपल्याकडे अनंत फंदीच्या फटक्याची धार ज्याला ठाऊक आहे त्याला ती जवळची वाटेल. ‘प्लान्ह’ हा मृत वीराचा शोक. आणि ‘तेन्सो’ व ‘पार्तिमेन’ हे दोन कवींमधले वाद. पार्तिमेनचा नियम तर विलक्षण आहे. एक कवी दोन पर्यायांचा पेच घालतो, दुसरा त्यांतला हवा तो निवडतो, आणि मग पहिल्याला उरलेल्या बाजूची तरफदारी करावी लागते, ती त्याला पटो वा न पटो. कोकणात शाहिराची बाजू गुरूकडून येते. शक्तीवाल्याचा शिष्य शक्तीवालाच असतो. तिकडे ती घटकेपुरती होती. हा फरक महत्त्वाचा आहे, कारण कोकणातला वाद घराण्याच्या निष्ठेवर उभा राहतो आणि पिढ्यानपिढ्या साठत जातो, तर ऑक्सितान वाद बुद्धीच्या चपळाईवर उभा होता आणि त्याच बैठकीत संपत होता.

चालीचा मुद्दा इथे येतो. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धातल्या एका कातालान रचनाशास्त्रात या प्रकारांचे नियम दिले आहेत. त्यात कांसोला नवी, होईल तितकी सुंदर चाल हवी असे म्हटले आहे. सिरव्हेंतेसला मात्र दुसऱ्या गाण्याची चाल घ्यायला मोकळीक आहे, आणि वादगीतालाही ती सवलत आहे. म्हणजे उसनी चाल ही कोणाची लबाडी नव्हती, ती लिहून ठेवलेली रीत होती. उदाहरणही बोलके आहे. गिराउत दे बोर्नेल्ह याने एक वादगीत रचले होते. त्यात प्रियेने झिडकारलेला प्रेमिक तिच्या चतुर सखीकडे, आलामांदाकडे, सल्ला मागतो आणि ती त्याला खडे बोल सुनावते. ते गाणे लोकांच्या ओठी होते. बेर्त्रान दे बोर्न या लढाऊ सरदार-कवीने 1183 च्या सुमारास इंग्लंडच्या तरुण राजपुत्र-राजा हेन्रीवर सिरव्हेंतेस रचले. बापापुढे माघार घेतल्याबद्दल त्याला झोडपायचे होते. त्यासाठी बेर्त्रानने आलामांदाच्या गाण्याची चाल आणि यमकबंध घेतला, आणि तसे रचनेतच सांगून टाकले. आपल्याकडे संगीत नाटकांच्या छापील पुस्तकांत पदाच्या डोक्यावर ‘चाल’ असे लिहून दुसऱ्या गाण्याचे पहिले शब्द देत, तशीच ही नोंद, फक्त ती गाण्याच्या पोटात शिरलेली. बेर्त्रानने हे लपवले असते तर त्याचा डाव फसला असता. ऐकणाऱ्याच्या कानात प्रेमिकाची कुरकुर आणि सखीचे फटकारे आधीच घुमत होते. त्या सुरांवर राजपुत्राचे नाव आले तेव्हा तो राजपुत्र न बोलताच झिडकारलेल्या प्रेमिकाच्या जागी जाऊन बसला. नव्या चालीला हे कधीच साधले नसते.

सामन्यात उसनी चाल तीन कामे करते. पहिले काम न्यायाचे. दोघांना एकाच मापाची जागा मिळते: तितक्याच ओळी, तितक्याच मात्रा, यमक पडायला तीच ठिकाणे. तेन्सोमध्ये दुसऱ्या कवीला पहिल्याच्याच बांधणीत, बहुधा त्याच यमकांत उत्तर द्यावे लागे. शक्ती-तुऱ्यातही समोरच्याच्या चालीत उत्तर देणाऱ्या शाहिराचा वेगळा मान असतो, कारण तिथे पळवाट उरत नाही. दुसरे काम ऐकणाऱ्याच्या कानाचे. चाल ओळखीची असली की कान शब्दांसाठी मोकळा होतो. रात्री उशिरा, उघड्या अंगणात, ढोलकीच्या भरात ब्रह्म-मायेचा गुंतागुंतीचा प्रश्न लोकांपर्यंत पोचवायचा तर नवी अवघड चाल हा अडसरच ठरतो. तिसरे काम बेर्त्रानने दाखवलेले: जुन्या गाण्याची आठवण नव्या अर्थाला धार लावते. विरहाच्या चालीवर प्रतिपक्षाच्या गुरूची फजिती गायली की श्रोत्यांत हशा पिकतो तो शब्दांपुरता नसतो; त्या दोन गाण्यांची गाठ पडलेली त्यांना दिसते. हे सगळे छापील पानावर नाहीसे होते, आणि उरलेले शब्द वाचून आपण म्हणतो की यात काव्य ते काय.

यावर कोणी म्हणेल, बाराव्या शतकातल्या थोर कवीची चाल घेणे वेगळे आणि कालपरवाच्या चित्रपटाची घेणे वेगळे. हा फरक मला मान्य नाही. आलामांदाचे गाणेही त्याच्या काळात चालू, ताजे, लोकप्रियच होते. मराठी माणसाला तर याबाबत संकोच वाटण्याचे कारणच नाही. किर्लोस्करांचे ‘शाकुंतल’ 1880 चे, ‘सौभद्र’ 1882 चे. त्यांतली पदे कीर्तनातल्या, लावणीतल्या, इतर भाषांतल्या रूढ चालींवर बांधलेली होती. 1911 च्या ‘मानापमान’मध्ये गोविंदराव टेंब्यांनी आणि 1916 च्या ‘स्वयंवर’मध्ये भास्करबुवा बखल्यांनी हिंदुस्थानी चिजांवर मराठी शब्द चढवले. त्या उसनवारीला आपण नाट्यसंगीताचा सुवर्णकाळ म्हणतो, आणि योग्यच म्हणतो. मग तीच गोष्ट कुणबी शाहिराने केली की ती भ्रष्टता कशी ठरते? इथे कलेचा निकष बाजूला राहून माणसाची जात आणि गाव मोजले जाते, असे मला स्पष्ट वाटते. तरीही टीकाकारांच्या म्हणण्यात एक खरी गोष्ट आहे आणि ती टाळून चालणार नाही. चित्रपटगीताचा ठेका हिंदी शब्दांच्या वजनावर बेतलेला असतो. त्यावर मराठी ओळ तशीच लादली की ऱ्हस्वदीर्घ मोडतात, क्रियापद ओढले जाते, अर्थ झिलीत हरवतो. शिवाय तयार वाद्यमेळ मोठ्या आवाजात लावला की ढोलकी निव्वळ शोभेची उरते. पण हा दोष वाईट बांधणीचा आहे. कातालान शास्त्रकाराने केलेला भेद इथेही उपयोगी पडेल: गण, गुरुवंदना, घराण्याची ओळख सांगणारी पदे आपल्या जुन्या चालीत राहावीत, आणि सवाल-जवाबाने हवी ती चाल खुशाल घ्यावी.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. त्रूबादूर दरबारातले, सरदार-सरंजामदारांच्या आश्रयाचे. जाखडीचा शाहीर भातशेती करणारा किंवा गिरणीत राबणारा. दोघांना एका पंक्तीला बसवणे ही ओढाताण नाही का? आश्रयाचा फरक मोठा आहे, हे खरेच. पण त्रूबादूरही सगळे सरदार नव्हते. हस्तलिखितांतून त्यांची छोटी गद्य चरित्रे येतात. त्यांत पेइरे व्हिदाल कातडे कमावणाऱ्याचा मुलगा आहे, आणि सर्वांत गोड गळ्याचा मानला गेलेला बेरनार्त दे व्हेंतादोर्न हा गढीच्या भट्टीत जाळ घालणाऱ्या नोकराचा. ही चरित्रे शब्दशः खरी मानायची नसतात, आणि बेरनार्तच्या बाबतीत तर गंमत आहे. भट्टीची गोष्ट पेइरे दाल्व्हेर्न्या याच्या एका टिंगलगीतात आधी येते. त्यात त्याने बारा कवींची एकेक करून हजेरी घेतली आणि शेवटी स्वतःचीही घेतली. प्रतिस्पर्ध्याने सामन्यात मारलेला टोमणा पुढे चरित्र होऊन बसला असण्याचा संभव दाट आहे. आपल्या शाहिरांच्या आख्यायिका वाचताना हे ध्यानात ठेवावे: राम जोश्यांना वडील भावाने घराबाहेर काढले, अनंत फंदींना अहिल्याबाईंनी तमाशाकडून कीर्तनाकडे वळवले, या कथांत सत्य किती आणि फडावरच्या बोलण्यातून चिकटलेले किती, हे सांगणे कठीण आहे. आश्रयाची गोष्ट दोन्हीकडे शेवटी सारखीच निघते. 1209 ते 1229 या काळात ऑक्सितान प्रदेशावर धर्मयुद्धाच्या नावाने स्वाऱ्या झाल्या, छोटे दरबार मोडले, आणि कवी इटलीत, कातालोनियात पांगले. कोकणच्या शाहिराचा दरबार म्हणजे गावकी आणि मुंबईचा गिरणगाव. चाकरमान्यांची मंडळे वर्गणी काढत, परळच्या दामोदर नाट्यगृहासारख्या ठिकाणी शक्ती-तुऱ्याचे जंगी सामने लावत. 1982 च्या संपानंतर गिरण्यांचा तो आधार ढासळला. तरीही सामने थांबले नाहीत, आणि या चिकाटीचे श्रेय पूर्णपणे गाणाऱ्यांचे आणि त्यांना ऐकणाऱ्यांचे आहे.

विषयाच्या अंगानेही शंका येते: तिकडे प्रेम, इकडे वेदान्त. मला यात उलट जवळीक दिसते. त्रूबादूराने कवितेत स्त्रीला स्वतःहून उंच स्थानी बसवले. सरदार आपल्या धन्यापुढे ज्या भाषेत नमतो ती भाषा तो प्रियेपुढे वापरतो. कलगीवाला जगाचे मूळ शक्तीत पाहतो आणि शिवही तिच्यावाचून निश्चल आहे असे भांडून सांगतो. दोन्हीकडे हे बोलणारे बहुतेक पुरुषच, आणि त्या बोलण्याने प्रत्यक्षातल्या बायकांचे आयुष्य फारसे बदलले असे दिसत नाही. त्रूबादूरांच्या बरोबरीने रचना करणाऱ्या विसेक स्त्रियांची नावे मिळतात. पण चालीसकट टिकलेले गाणे त्यांच्यापैकी फक्त एकीचे, दियाच्या काउंटेसचे. तिने ज्या रोखठोकपणे आपली फसवणूक मांडली आहे त्यापुढे अनेक पुरुष कवींची नम्रता बेगडी वाटते. शक्तीची बाजू स्वतः बायका गातील तेव्हा तो जुना वाद कोणत्या वळणावर जाईल, हा प्रश्न म्हणूनच मला महत्त्वाचा वाटतो.

आता जतनाकडे येतो, कारण या सगळ्या विवेचनाचा रोख तिकडे आहे. अडीच हजार त्रूबादूर रचनांपैकी चालीसकट उरल्या त्या अडीचशेच्या आसपास, म्हणजे दहात एक. त्याही मुख्यतः चार हस्तलिखितांत. त्रूबादूरांची हस्तलिखिते एकूणच तेराव्या-चौदाव्या शतकांत, परंपरा मोडत असताना किंवा मोडल्यावर तयार झाली. बरीच तर इटलीत, जिथे लोकांना शब्द वाचायचे होते, गायचे नव्हते. ज्या चाली लिहिल्या गेल्या त्यांत स्वर कळतात, लय कळत नाही. विसाव्या शतकाच्या आरंभी त्या लयीवरून विद्वानांत कडाक्याचे वाद झाले आणि आजही एकमत नाही. आपल्याकडे ॲक्वर्थ आणि शाळिग्राम यांनी 1891 मध्ये पोवाड्यांचा संग्रह काढला. त्यांचे ऋण मोठे आहे, पण त्या पानांतूनही शाहिराचा सूर ऐकू येत नाही. शक्ती-तुऱ्याच्या बाबतीत अजून वेळ गेलेली नाही. शाहिरांच्या वह्या आहेत, गुरूंची नावे सांगणारे शिष्य आहेत, ‘ही चाल अमक्या गाण्याची’ हे चटकन सांगणारे झीलकरी आहेत. गाणे उतरवून घेताना शब्दांच्या वर चालीचे नाव यायला हवे, ती चाल घेण्याआधी कोणत्या गाण्याची होती ते यायला हवे, आणि ध्वनिमुद्रण तर हवेच. पण याहून अवघड एक काम आहे. वही घराण्याची असते. तिच्यात आपले सवाल आणि आपले जवाब असतात, समोरच्याचे नसतात. तेन्सो लिहून घेणाऱ्या लेखनिकांनी दोन्ही कवींची कडवी एकाखाली एक ठेवली, म्हणून आज तो वाद वाचता येतो. कोकणात शक्तीवाल्यांची वही एका गावात आणि तिला उत्तर देणारी तुरेवाल्यांची वही दुसऱ्या गावात, कधी खाडीपलीकडे, पडून राहते. एकाच सामन्याच्या या दोन वह्या शेजारी ठेवून छापल्या, तरच त्या रात्री कोणता सवाल कोणत्या जवाबाने सुटला हे वाचकाला कळेल. त्यासाठी दोन्ही घराण्यांची संमती लागेल, आणि ती मागायला दोन्ही दारांत जावे लागेल.